जात वैधता वेळेत कशी मिळवावी : राखीव जागेवर पहिल्यांदा उभे राहणाऱ्यांसाठी

गावोगाव असे माजी सदस्य भेटतील ज्यांना मतदारांनी पाडलं नाही, अविश्वास ठरावानेही घालवलं नाही. एका कागदाने घालवलं. तो कागद म्हणजे जात वैधता प्रमाणपत्र, म्हणजे जातीचा दाखला खरा असल्याचं पडताळणी समितीने दिलेलं प्रमाणपत्र, सगळे म्हणतात ती ‘व्हॅलिडिटी’. यातल्या बहुतेकांची जात खरी, दाखला खरा. कित्येकांना पुढे व्हॅलिडिटी मिळालीसुद्धा, पण मुदत टळून गेल्यावर. तोवर पद गेलेलं होतं.

मी ओबीसी राखीव जागेवरून ग्रामपंचायतीत होतो. त्यानंतर भावकीतल्या आणि आसपासच्या गावांतल्या बऱ्याच जणांच्या फायली लावून दिल्या. त्यातून जे कळलं ते इथे क्रमाने मांडतोय. उदाहरण ग्रामपंचायतीचं धरलंय. नगरपरिषद, महापालिका, जिल्हा परिषद, पंचायत समिती यांचे कायदे वेगळे असले तरी या बाबतीतला नियम जवळपास सारखाच आहे.

१. नियम नेमका काय आहे

ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम १०-१अ वाचा. नगरपरिषदेला कलम ९-अ, महापालिकेला ५-ब, जिल्हा परिषद आणि पंचायत समितीला १२-अ. सगळीकडे मुद्दा एकच: राखीव जागेवर उभं राहायचं तर उमेदवारी अर्जासोबत जातीचा दाखला आणि वैधता प्रमाणपत्र, दोन्ही जोडायचं.

वैधता हातात नसेल तर एक सवलत आहे. उमेदवारी अर्ज भरण्याआधी तुम्ही पडताळणी समितीकडे अर्ज केलेला असला पाहिजे, त्याचा पुरावा जोडला पाहिजे, आणि ‘निवडून आलो तर ठरलेल्या मुदतीत वैधता प्रमाणपत्र सादर करीन’ असं हमीपत्र दिलं पाहिजे. मुदत चुकली तर निवड पूर्वलक्षी प्रभावाने रद्द झाली असं मानलं जातं आणि माणूस सदस्य राहायला अपात्र ठरतो. ‘मानलं जातं’ हे शब्द नीट लक्षात घ्या. कोणी सुनावणी घेऊन तुमची बाजू तोलेल आणि मग ठरवेल, असं इथे नाही.

ही मुदत सक्तीची आहे की सोयीची, यावर बराच काळ वाद चालला. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये ती सक्तीची ठरवली आणि ऑगस्ट २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. मुदतीनंतर मिळालेल्या प्रमाणपत्राने गेलेलं पद परत येत नाही. समितीने उशीर केला, आमचा काय दोष, हे म्हणणंही चाललं नाही. त्या निकालानंतर कोल्हापूर महापालिकेच्या नगरसेवकांसह राज्यभरातल्या कित्येकांवर टांगती तलवार आली. मग शासनाने कायद्यात बदल करून सहा महिन्यांची मुदत बारा महिन्यांची केली. २०२३ मध्ये काही निवडणुकांपुरती तात्पुरती मुदतवाढ देणारा आणखी एक कायदा झाला.

यामुळे एक समज पक्का झालाय: ‘शासन मुदतवाढ देतंच, घाई कशाला.’ हा या वाटेवरचा सगळ्यात महाग सल्ला. मुदतवाढ ठरावीक तारखांमधल्या निवडणुकांपुरती असते. तिच्यात तुम्ही बसाल की नाही हे ती निघाल्यावरच कळतं, आणि निघाली तरी विरोधक तिला कोर्टात आव्हान देतात. तुमच्या निवडणुकीला सहा महिने आहेत की बारा, हे चहाच्या टपरीवर ठरवू नका. तुम्ही सही केलेल्या हमीपत्रावर छापलेलं असतं, ते वाचा.

२. सोडतीची वाट पाहू नका

बहुतेकांची धावपळ आरक्षण सोडत निघाली की सुरू होते. तेव्हा अख्ख्या तालुक्यातले इच्छुक एकाच वेळी सेतू केंद्रात, शाळेत आणि रेकॉर्ड रूममध्ये धडकतात. तलाठी जागेवर नसतो, मुख्याध्यापक ट्रेनिंगला गेलेले असतात, आणि नकलेसाठी पुढच्या आठवड्यात या असं ऐकायला मिळतं.

जुने पुरावे शोधायला निवडणूक लागत नाही. घरात कोणालाही राजकारणात रस असेल तर आजच सुरू करा. घरातल्या मुलाची शिक्षणासाठी व्हॅलिडिटी काढायची असेल तर आधी ती काढा. रक्ताच्या नात्यात एकाला मिळाली की बाकीच्यांचं काम अर्ध्यावर येतं.

एक गोष्ट नवख्यांना माहीत नसते. सरपंच सदस्यांतून निवडला जायचा तेव्हा, खुल्या जागेवरून सदस्य झालेल्याच्या प्रवर्गाला सरपंचपद राखीव निघालं, तर त्या पदासाठीही हाच नियम लागायचा; २०२२ पासून सरपंच थेट मतदारांतून निवडतात, पण राखीव सरपंचपदाला नियम तोच आहे. खुल्या जागेवर उभं राहताना कागद लागले नाहीत म्हणून निर्धास्त राहिलेली माणसं सरपंचपदाच्या वेळी अडकायची.

३. दाखला कुठला आहे ते तपासा

जातीचा दाखला प्रांत, म्हणजे उपविभागीय अधिकारी देतात. पण कुठले प्रांत? मानीव दिनांकाला, म्हणजे रहिवास मोजण्यासाठी ठरवलेल्या तारखेला, तुमचे वाडवडील जिथले रहिवासी होते तिथले. मानीव दिनांक प्रवर्गानुसार ठरलेले आहेत:

- अनुसूचित जाती : १० ऑगस्ट १९५०
- अनुसूचित जमाती : ६ सप्टेंबर १९५०
- विमुक्त जाती, भटक्या जमाती : २१ नोव्हेंबर १९६१
- इतर मागासवर्ग, विशेष मागास प्रवर्ग : १३ ऑक्टोबर १९६७

आणि ज्या जिल्ह्यातून दाखला निघाला त्याच जिल्ह्याच्या समितीकडे पडताळणी होते. तुम्ही आज राहता कुठे आणि निवडणूक लढवता कुठे, याचा त्याच्याशी संबंध नाही.

सगळ्यात जास्त गोंधळ होतो तो महिला उमेदवारांचा. जात वडिलांकडून येते, लग्नाने बदलत नाही. म्हणजे दाखला माहेरचा, पुरावे माहेरचे, समितीही माहेरच्या जिल्ह्याची. माझ्या एका वहिनींचं माहेर सोलापूर जिल्ह्यातलं आणि उभं राहायचं होतं पुणे जिल्ह्यात. नवऱ्याकडच्या लोकांनी उत्साहाने सासरच्या गावातले सातबारे, फेरफार, सासऱ्यांचा शाळेचा दाखला असा गठ्ठा जमवला. त्यातला एकही कागद उपयोगाचा नव्हता. वहिनींच्या चुलत्यांना फोन गेला तेव्हा खरं काम सुरू झालं. शिवाय दाखल्यावर माहेरचं नाव, मतदार यादीत सासरचं. ती दोन नावं एकाच बाईची आहेत हे दाखवायला विवाह नोंदणी प्रमाणपत्र किंवा राजपत्रातली नोंद लागते. लग्नाची नोंदणीच केलेली नसेल तर आधी ती करून घ्या.

सीमेलगतच्या तालुक्यांत याहून अवघड प्रकार असतो. सून बेळगाव-निपाणीकडची असेल तर तिच्या वडिलांचे सगळे पुरावे कर्नाटकातले. जात तीच, भाषा तीच, पण दुसऱ्या राज्याच्या दाखल्यावर महाराष्ट्रातल्या राखीव जागेचा लाभ मिळत नाही. उमेदवार ठरवण्याआधी हे पाहा. पॅनेल जाहीर झाल्यावर नाही.

दाखल्यावरचं जातीचं नाव शासनाच्या यादीतल्या नावाशी अक्षरशः जुळतंय का हेही बघून घ्या. जुन्या नोंदीत नुसतं ‘कोळी’ आणि दाखला ‘महादेव कोळी’चा, किंवा नोंदीत ‘लिंगायत’ आणि दाखला ‘लिंगायत वाणी’चा, अशा फायली वर्षानुवर्षं अडकलेल्या असतात.

४. जुने पुरावे गोळा करा

सगळा खेळ इथे आहे. समितीला पाहिजे असतो मानीव दिनांकाच्या आधीचा, तुमच्या वडिलांकडच्या पूर्वजांची जात आणि राहण्याचं ठिकाण दाखवणारा कागद. सिद्ध करण्याची जबाबदारी कायद्याने तुमच्यावर आहे. समिती शोधून देणार नाही.

कुठे काय मिळतं ते सांगतो.

शाळा : आजोबा, चुलत आजोबा, वडील, आत्या, काका यांच्यापैकी जे कोणी शाळेत गेलं असेल त्यांचा प्रवेश-निर्गम रजिस्टरचा उतारा. नुसता शाळा सोडल्याचा दाखला कमी पडतो, कारण तो आजच्या तारखेला लिहिलेला असतो. उतारा मूळ नोंदीचा असतो. जिल्हा परिषदेच्या जुन्या शाळांत ही रजिस्टरं कपाटाच्या तळाशी सापडतात. पानं हाताला भुगा होऊन लागतात, पण १९३०-४०च्या नोंदीसुद्धा मिळतात. रजिस्टर समोर आलं की आधी नोंद स्वतः पाहा. जातीच्या रकान्यात वेगळी शाई, वेगळं अक्षर किंवा खाडाखोड दिसली तर तो कागद पुढे करू नका, दुसरा शोधा. समितीसाठी चौकशी करणारं दक्षता पथक शाळेत जाऊन मूळ रजिस्टर तपासतं आणि नंतर घुसडलेली नोंद त्यांना लगेच कळते. एक वाईट कागद बाकीच्या चांगल्या कागदांवरही संशय आणतो.

तहसील : रेकॉर्ड रूममध्ये रुमालात बांधलेली दप्तरं असतात. त्यात गाव नमुना १४, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंद, जिला लोक कोतवाल बुक म्हणतात. त्यात जातीचा रकाना असतो, म्हणून तिचं मोल मोठं. आजोबा शाळेत गेले नसतील, पण जन्मले तर असतील! पणजोबांच्या मृत्यूची नोंदही चालते. मागताना गाव, अंदाजे साल आणि नाव लिहून रीतसर नकलेचा अर्ज द्या. सालाचा अंदाज घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडून घ्या. ‘दुष्काळाच्या आदल्या साली’ असं काहीतरी सांगतील, त्यावरूनही दप्तर सापडतं.

जमिनीचे कागद : जुने सातबारे, फेरफार, कडईपत्रक, हक्कनोंदणी. यांत जात असतेच असं नाही, पण राहण्याचं ठिकाण आणि वंशावळ जुळवायला हे उत्तम. वारसाच्या फेरफारात ‘मयत अमुक यांचे वारस’ असं लिहिलेलं असतं, त्यातून तीन पिढ्या एका कागदावर येतात. विदर्भात अधिकार अभिलेख, मराठवाड्यात खासरा पत्रक पाहा.

मोडीतल्या नोंदी असतील तर जाणकाराकडून देवनागरी लिप्यंतर करून त्याच्या सही-शिक्क्यासह जोडा. मराठवाड्यात निजामकाळातल्या काही नोंदी उर्दूत आहेत, त्यांचंही भाषांतर लागतं. कुणबी नोंद शोधणाऱ्यांना एक सोय झाली आहे: २०२३ मध्ये नेमलेल्या न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीच्या कामातून सापडलेल्या नोंदी जिल्ह्यांच्या संकेतस्थळांवर गाववार टाकलेल्या आहेत. पण नोंद सापडली म्हणजे काम झालं असं नाही. त्या नोंदीतला माणूस तुमचाच पूर्वज आहे हे तुम्हाला दाखवावं लागतं. एकाच गावात एकाच नावाचे चार जण असायचे, आणि ‘कु.’ एवढंच लिहिलेलं असलं तर वाद होतो.

हाताशी ठेवायची यादी:

- जातीचा दाखला, मूळ आणि प्रत
- स्वतःचा, वडिलांचा, आजोबांचा शाळेचा उतारा (जे मिळेल ते)
- मानीव दिनांकाआधीचा जातीचा किमान एक भक्कम पुरावा, जमल्यास दोन वेगळ्या ठिकाणांहून
- राहण्याच्या ठिकाणाचा जुना महसुली पुरावा
- वडिलांकडच्या नात्यातल्या कोणाची व्हॅलिडिटी असल्यास तिची प्रत
- वंशावळ आणि तिचं प्रतिज्ञापत्र
- नावात बदल असल्यास राजपत्र किंवा विवाह नोंदणी
- आधार, मतदार ओळखपत्र, फोटो

नॉन-क्रिमिलेअर, म्हणजे उत्पन्नाच्या मर्यादेत असल्याचा दाखला, या यादीत नाही. राजकीय आरक्षणाला क्रिमिलेअरची अट लागू नाही. सेतूवाला सवयीने मागेल, त्याच्या मागे दिवस घालवू नका.

५. वंशावळ नीट लिहा

वंशावळ म्हणजे समितीच्या हातातला नकाशा. मूळ पुरुषापासून तुमच्यापर्यंत, आणि ज्यांचे पुरावे जोडलेत त्या प्रत्येकाचं नाव तीत आलंच पाहिजे. चुलत आजोबांचा उतारा जोडलाय आणि वंशावळीत ते नाहीतच, अशा फायली मी पाहिल्यात.

नावं कागदावर जशी आहेत तशीच लिहा. कागदावर ‘धोंडिबा’ आणि घरात ‘धोंडू’ असेल तर ‘धोंडिबा ऊर्फ धोंडू’. आडनाव जुन्या नोंदीत नसतंच बऱ्याचदा, तेव्हा बापाच्या नावावरून आणि गावावरून मेळ घाला. भावकीत कोणाची आधीच व्हॅलिडिटी झाली असेल तर त्यांनी तेव्हा दिलेली वंशावळ मागून घ्या. दोन वंशावळी एकमेकींशी जुळल्या नाहीत की समितीचा पहिला प्रश्न तिथेच येतो. भावकीत बोलणं नसेल तर कोणाला तरी मध्ये घाला, पण ती प्रत मिळवा.

प्रतिज्ञापत्रासाठी स्टॅम्प पेपरची गरज नाही. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्रांवरचं मुद्रांक शुल्क माफ आहे, साधा कागद चालतो. बाहेर टाइप करून देणारे हे सांगत नाहीत.

६. समितीकडे अर्ज

अनुसूचित जाती, विमुक्त, भटके, ओबीसी आणि विशेष मागास यांच्यासाठी प्रत्येक जिल्ह्यात जिल्हा जात प्रमाणपत्र पडताळणी समिती आहे, बहुतेक ठिकाणी सामाजिक न्याय भवनात. अर्ज बार्टीच्या (डॉ. बाबासाहेब आंबेडकर संशोधन व प्रशिक्षण संस्थेच्या) पोर्टलवर ऑनलाइन भरायचा आणि कागदांचा संच समितीत जमा करायचा. अनुसूचित जमातींची समिती वेगळी, आदिवासी विकास विभागाकडे. ती जिल्ह्याजिल्ह्याला नाही. पुणे, ठाणे, नाशिक, नंदुरबार, अमरावती, नागपूर, गडचिरोली अशा ठिकाणी आहे. जाण्यायेण्याचा हिशेब त्याप्रमाणे धरा.

अर्जाचं कारण ‘निवडणूक’ हेच निवडा. शिक्षण किंवा नोकरीचं कारण टाकून केलेला अर्ज पुढे अडचण करू शकतो.

आता सापळा. ऑनलाइन फॉर्म भरून मिळालेला क्रमांक म्हणजे ‘अर्ज केला’ असं समजून माणसं घरी जातात. फायलीचा संच जमा करा, आवक क्रमांक आणि तारखेसह पोच घ्या. उमेदवारी अर्जाला जोडायची ती ही पोच. तिच्यावरची तारीख उमेदवारी अर्जाच्या आधीची असायला हवी. छाननीत विरोधकाचा वकील पहिल्यांदा तीच तारीख बघतो.

७. उमेदवारी अर्ज आणि हमीपत्र

इथे फार सांगण्यासारखं नाही. दाखला, समितीची पोच, हमीपत्र. हमीपत्र ठरलेल्या नमुन्यातच द्या, स्वतःची वाक्यं जोडू नका, आणि सही केलेल्या हमीपत्राची झेरॉक्स घरी ठेवा. निवडून आल्यावर ती शोधायची वेळ येते आणि कोणाकडेच नसते.

८. निकालानंतर

मुदत निकाल जाहीर झाल्याच्या तारखेपासून मोजतात. शपथविधी, पहिली सभा किंवा उपसरपंच निवड यांपासून नाही. जानेवारी २०२१ च्या ग्रामपंचायत निवडणुकीत मतदान १५ ला झालं आणि मतमोजणी १८ ला. तिथे बारा महिन्यांची मुदत धरायची तर १७ जानेवारी २०२२ हा शेवटचा दिवस समजायचा; १८ तारीख चालेल की नाही या वादात पडायचंच नाही. बिनविरोध आलेल्यांनी निवडून आल्याच्या प्रमाणपत्रावरची तारीख पाहावी, ती बाकीच्यांपेक्षा वेगळी असू शकते.

पुढे फाइल कुठे आहे याचा पाठपुरावा तुमच्याकडे. समितीचे सदस्य सचिव म्हणजे संशोधन अधिकारी. त्यांच्या कार्यालयात विचारलं की त्रुटी कळतात. त्रुटीपत्र पोर्टलवर टाकलेलं असतं, मेसेज येतोच असं नाही. त्यामुळे फॉर्ममध्ये सेतूवाल्याचा नव्हे, स्वतःचा मोबाइल नंबर द्या. दुसऱ्याच्या नंबरवर गेलेले मेसेज कोणी वाचत नाही आणि फाइल ‘अर्जदार गैरहजर’ म्हणून पडून राहते.

कागदांवर समाधान झालं नाही तर प्रकरण दक्षता पथकाकडे जातं. पोलीस अधिकारी घरी येतात, शाळेत जातात, जबाब घेतात. घाबरण्यासारखं त्यात काही नाही, पण घरातल्या सगळ्यांना कुळ, मूळ गाव, नातेवाईक कुठले हे माहीत असू द्या. जमातीच्या प्रकरणात चालीरीती, देव, बोली यांबद्दलही विचारतात, त्याला आप्तभाव चाचणी म्हणतात. ही चाचणी म्हणजे अंतिम कसोटी नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये स्पष्ट केलं आहे; जुने कागद भक्कम असतील तर त्यांचं वजन जास्त. दक्षता अहवालाची प्रत तुम्हाला मिळते. तो तुमच्या विरोधात असेल तर लेखी खुलासा द्या, आणि सुनावणीची तारीख चुकवू नका. लग्नसराई, ऊसतोड, वारी, काहीही असो.

कोणी ‘समितीत ओळख आहे, करून देतो’ म्हणाला तर लांब राहा. खोट्या कागदावर प्रमाणपत्र घेतलं तर सहा महिने ते दोन वर्षं कैदेची तरतूद आहे, आणि पद तर जातंच.

९. प्रमाणपत्र मिळालं, पण सादर केलं का?

कायदा ‘मिळवलं’ म्हणत नाही, ‘सादर केलं’ म्हणतो. मुदतीच्या आत प्रमाणपत्र मिळून ते कपाटात राहिलं तर उपयोग नाही. ज्या दिवशी मिळेल त्या दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी तहसील कार्यालयाच्या निवडणूक शाखेत अर्जासह प्रत द्या. आणखी एक प्रत जिल्हाधिकारी कार्यालयाच्या ग्रामपंचायत शाखेत द्या. दोन्हीकडे आवक शिक्का, क्रमांक आणि तारीख असलेली पोच घ्या. ग्रामसेवकाकडे दिलं म्हणजे झालं असं समजू नका. तो सादर करायचा अधिकारी नाही, आणि त्याची बदली झाली की कागद कुठे गेला ते कोणी सांगत नाही.

हे एवढं का सांगतोय? कारण मुदत संपल्याच्या दुसऱ्याच आठवड्यात पडलेला उमेदवार माहिती अधिकारात तुमची फाइल मागतो. तेव्हा तुमच्या हातात पोच असेल तर प्रकरण तिथेच संपतं.

१०. मुदत जवळ आली आणि समिती हलत नाही

फक्त तोंडी चौकशी करत बसू नका. समितीला लेखी स्मरणपत्र द्या: निवडून आल्याची तारीख, मुदत संपण्याची तारीख, अर्जाचा क्रमांक. प्रत जिल्हाधिकाऱ्यांना. त्यानेही काही झालं नाही तर मुदत संपण्याच्या किमान दोन महिने आधी उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करून समितीला ठरावीक दिवसांत निर्णय द्यायला सांगावं, अशी मागणी करा. ही स्मरणपत्रं तेव्हा कामाला येतात. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांना यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू आहे. मुदत संपल्यावर कोर्टात गेलात तर वर सांगितलेले निकाल समोर ठेवले जातात आणि वकील कितीही मोठा असला तरी फार काही करता येत नाही.

समितीने दावा अमान्य केला तर त्यावर अपील नाही, थेट उच्च न्यायालयात रिट. स्थगिती मिळाली तर तिची प्रत त्याच दिवशी तहसील आणि जिल्हाधिकारी कार्यालयात पोचवा. उशीर झाला तर तोवर जागा रिक्त म्हणून पोटनिवडणुकीचा प्रस्ताव निघालेला असतो.

११. खर्चाचा हिशेब विसरू नका

व्हॅलिडिटीच्या गडबडीत हा दुसरा कागद राहून जातो. निकालापासून ३० दिवसांत निवडणूक खर्चाचा हिशेब द्यायचा असतो. कलम १४-ब प्रमाणे तो वेळेत किंवा ठरलेल्या पद्धतीने दिला नाही आणि कारणही पटणारं नसलं, तर पाच वर्षांपर्यंत अपात्र ठरवतात. हरलेल्या उमेदवारालाही हे लागू आहे. दर निवडणुकीनंतर अशा नावांच्या लांबच लांब याद्या निघतात आणि त्यांत पडलेलेच जास्त असतात, कारण पडल्यावर हिशेब कोण देतो! बिनविरोध आलात, खर्च शून्य झाला, तरी तसा हिशेब द्या. राज्य निवडणूक आयोगाच्या ट्रू व्होटर ॲपवर रोजचा खर्च भरता येतो. मंडप, पत्रकं, चहा-नाश्ता यांच्या पावत्या त्याच दिवशी घ्या, कारण मंडपवाला महिन्यानंतर मागच्या तारखेची पावती द्यायला कुरकुर करतो. हिशेब दिल्याची पोच मात्र इथेही घ्याच.